कच्चीं द्राक्षें : एका फ्रेंच रंजनकाराची कारकीर्द

शाळेच्या स्नेहसंमेलनांत नाटकाचा एक अंक संपला कीं पडदा पडतो, आणि पडद्यामागें बांकें, झाडें, राजवाड्याचे खांब हलविण्याची धांदल चालू असतां पडद्यापुढें एखाद्या मुलास गावयास उभें करितात. गाणें कोणतें, मुलगा कोठें उभा राहणार, त्याच्या तोंडावर दिवा कोणत्या बाजूनें पडणार, ह्याचा विचार सहसा कोणीं केलेला नसतो. कारण तें गाणें ऐकण्यासाठीं नसून वेळ भरून काढण्यासाठीं असतें. मागच्या रांगांतून गप्पा सुरू होतात, लहान मुलें पाण्याकडे धांवतात, आणि आंतून कोणीतरी 'झालें, झालें' अशी खूण करतांच गाणारा मुलगा कडवें अर्ध्यावर टाकून विंगेंत नाहींसा होतो. ह्या प्रकाराला आपण 'विविधगुणदर्शन' असें भारदस्त नांव देतों. नांव भारदस्त खरें, पण त्याच्या वांट्यास येणारी मेहनत मात्र खांब हलविणाऱ्या गड्याच्या मेहनतीपेक्षांही कमी असते, हें आम्हीं अनेक वर्षें पाहिलें आहे.

फ्रान्स देशांत दूरचित्रवाणी सुरू झाल्यावर ह्याच विविधगुणदर्शनाचा एक मोठा धंदा उभा राहिला. गाणीं, नकला, नृत्यें, विदूषकाचे खेळ आणि चार विनोदी प्रवेश ह्यांची माळ गुंफून शनिवारच्या रात्रीं साऱ्या देशापुढें मांडावयाची, हें काम ज्यांचें, त्यांचीं नांवें कार्यक्रमाच्या अखेरीस क्षणभर दिसत आणि पुसलीं जात. अशा रंजनकारांपैकीं एकाची कारकीर्द आज वाचकांपुढें ठेवावयाची आहे. झाँ-क्रिस्तोफ आव्हेर्ती हें त्यांचें नांव. तीन मिनिटांच्या गाण्यावर शेक्सपियरच्या नाटकाइतकीच मेहनत घेतली पाहिजे, असें मानणारा आणि तसें करून दाखविणारा हा मनुष्य होता. त्याबद्दल त्यांना मिळाल्या त्या शिव्याही थोड्याथोडक्या नव्हत्या.

आव्हेर्ती ह्यांचा जन्म पॅरिस शहरीं ६ ऑगस्ट १९२८ रोजीं झाला. १९४० च्या जून महिन्यांत जर्मन सैन्य पॅरिसमध्यें शिरलें तेव्हां ते अकरा वर्षांचे होते. म्हणजे आमच्याकडील पूर्वीच्या इंग्रजी दुसरी-तिसरींतील मुलांच्या वयाचे. पुढील चार वर्षें शहर परक्यांच्या ताब्यांत होतें. अमेरिकेंतील कृष्णवर्णीय लोकांनीं निर्माण केलेल्या जाझ संगीताचा नाझी राज्यकर्त्यांस तिटकारा होता. तरीही, किंबहुना कदाचित् त्यामुळेंच, पॅरिसमधील तरुणांस त्याची विलक्षण ओढ लागली. आव्हेर्ती त्या पिढींतले. जाझचें आणि जुन्या ध्वनिमुद्रिकांचें वेड त्यांना लागलें तें कायमचें. युद्धकाळांतच पॅरिस येथें चलच्चित्रविद्येच्या उच्च अभ्यासाची एक संस्था स्थापन झाली होती. तेथें त्यांनीं शिक्षण घेतलें आणि १९५२ सालीं ते फ्रेंच सरकारच्या नभोवाणी व दूरचित्रवाणी खात्यांत नोकरीस लागले.

त्या वेळची दूरचित्रवाणी कशी होती हें येथें सांगितलें पाहिजे. नाहींतर पुढील हकीकतीचें मर्म कळणार नाहीं. सबंध फ्रान्सांत एकच वाहिनी होती, आणि ती सरकारची. दुसरी वाहिनी निघाली ती १९६४ च्या एप्रिलांत. पॅरिसच्या ईशान्येस ब्यूत-शोमाँ नांवाच्या उद्यानाशेजारीं जुनीं चित्रपटनिर्मितीचीं आवारें होतीं. तेथें दूरचित्रवाणीचे मोठे मंच उभारले गेले. नाटकें तेथूनच प्रत्यक्ष, जशीं घडत तशीं, घरोघरीं पोंचत. एखादें पात्र वाक्य विसरलें तर तो विसर साऱ्या देशाला दिसे. ह्या आवारांत काम करणाऱ्या दिग्दर्शकांची एक मोठी परंपरा तयार झाली. थोर कादंबऱ्या आणि नाटकें सामान्य माणसाच्या घरापर्यंत न्यावयाचीं, आणि तीं जितकीं खरीं भासतील तितकीं भासवावयाचीं, हा त्यांचा बाणा. खोली दाखवावयाची तर खऱ्या खोलीसारखी, पाऊस दाखवावयाचा तर खऱ्या पावसासारखा. करमणुकीच्या कार्यक्रमांची तऱ्हा निराळी होती. झाँ नोएँ ह्यांचा 'छत्तीस मेणबत्त्या' हा कार्यक्रम १९५२ पासून १९५८ पर्यंत अतिशय लोकप्रिय होता. त्यांत नाट्यगृहाप्रमाणेंच रंगमंच, वाद्यवृंद, हंसतमुख सूत्रधार आणि एकामागून एक येणारे कलावंत. कॅमेऱ्याचें काम एवढेंच कीं समोर जें चाललें आहे तें घरीं बसलेल्यांना दाखवावें.

आव्हेर्ती ह्यांना हे दोन्ही मार्ग पसंत नव्हते. त्यांचें म्हणणें असें कीं दूरचित्रवाणीचा पडदा ही खिडकी नव्हे. तो कागद आहे. खिडकींतून पलीकडचें जग जसें असेल तसें पाहावें लागतें, परंतु कागदावर आपण हवें तें मांडूं शकतों. म्हणून नाटकाच्या मांडणीपेक्षां छापखान्यांतील पानाची मांडणी हा शब्द त्यांना आपल्या कामासाठीं अधिक योग्य वाटे. एखाद्या मासिकाच्या पानावर जसें मोठ्या अक्षरांतील शीर्षक, बाजूस चित्र, खालीं दोन स्तंभ आणि मधें कोरी जागा असते, तशी रचना त्यांनीं पडद्यावर केली. फरक इतकाच कीं त्यांच्या पानावरील चित्रें हलत, गात आणि नाचत. गायकाचें डोकें ताटाएवढें आणि त्याच्या खांद्यावर नाचणाऱ्या दहा मुली बोटाएवढ्या. नट चालतो आहे तो रस्त्यावरून नव्हे, तर शाईनें काढलेल्या एका रेघेवरून.

हें कसें साधत असे, तें विज्ञानाच्या विद्यार्थ्यांनीं समजून घेण्यासारखें आहे. दूरचित्रवाणीचें चित्र रेघारेघांनीं बनतें. त्या काळीं फ्रान्सच्या पहिल्या वाहिनीवर एका चित्रास ८१९ रेघा असत आणि एका सेकंदांत पंचवीस चित्रें उमटत. म्हणजे सेकंदास २०,४७५ रेघा ओढल्या जात. आतां समजा, एका कॅमेऱ्यापुढें काळ्या पडद्यासमोर पांढरे कपडे घातलेला नट उभा आहे, आणि दुसऱ्या कॅमेऱ्यापुढें शाईनें काढलेलें राजवाड्याचें चित्र आहे. दोन्ही कॅमेऱ्यांचे विद्युत्संदेश एका यंत्रांत सोडले. तें यंत्र प्रत्येक रेघ ओढली जात असतां पहिल्या कॅमेऱ्याचा संदेश तपासतें. जेथें उजेड आहे तेथें तें नटाचें चित्र पुढें जाऊं देतें; जेथें काळोख आहे तेथें नटाचा कॅमेरा बंद करून चित्राच्या कॅमेऱ्यास वाट देतें. एकेका रेघेंत हें कितीदां तरी घडतें, आणि डोळ्यास त्याचा पत्ताही लागत नाहीं. पाहणाऱ्यास नट राजवाड्यांत उभा दिसतो. घरीं मुलें मासिकांतील चित्रें कात्रीनें कापून दुसऱ्या चित्रावर डकवितात, तेंच हें काम. कात्री मात्र विजेची, आणि चित्र हलत असतांना कापणारी.

ह्यांतल्या अडचणीही ध्यानांत घ्याव्या. यंत्राला नट कोणता आणि पडदा कोणता हें कळत नाहीं. त्याला फक्त उजेड आणि अंधार कळतो. नटाचे केस काळे असले तर डोक्याच्या वरच्या भागांतून राजवाड्याचा खांब दिसूं लागे! कोटाच्या घडींत सांवली पडली तर तेथें भोंक पडे. सबब कपडे, रंगभूषा, दिवे ह्या सर्वांची आखणी आगाऊ करावी लागे. पुढें रंगीत दूरचित्रवाणी आली. फ्रान्समध्यें ती १ ऑक्टोबर १९६७ रोजीं दुसऱ्या वाहिनीवर सुरू झाली. तेव्हां उजेड-अंधाराच्या जागीं निळ्या रंगाची खूण ठरविणें शक्य झालें. मनुष्याच्या कातडींत निळा रंग अत्यल्प असतो, म्हणून नटामागें निळी भिंत उभी करावयाची आणि जेथें निळें दिसेल तेथें दुसरें चित्र भरावयाचें. निळा गळपट्टा बांधून आलेल्या गवयाच्या छातींतून अर्थातच आकाश दिसणार. आज बातम्यांत हवामान सांगणारी व्यक्ति नकाशापुढें उभी राहून हात फिरवितांना आपण पाहतों, ती ह्याच युक्तीनें. तिच्या मागें नकाशा नसून बहुधा नुसती हिरवी भिंत असते. ही युक्ति एकट्या आव्हेर्ती ह्यांनीं शोधून काढली असें नाहीं. परंतु फ्रान्सांत तिचें व्याकरण बसविलें आणि तिला कलेचें रूप दिलें तें त्यांनीं.

आणि त्यासाठीं किती कष्ट! प्रत्येक दृश्याचें चित्र आधीं कागदावर काढलेलें असे. नटांस ना भिंत, ना खुर्ची, ना समोरचें पात्र. रिकाम्या काळ्या किंवा पांढऱ्या पोकळींत उभें राहून, जेथें कोणी नाहीं तेथें पाहून बोलावें लागे, आणि आपण कोठें आहों हें बाजूच्या लहान पडद्यावर डोळा ठेवून ओळखावें लागे. एक पाऊल चुकलें कीं राजा सिंहासनाऐवजीं हवेंत बसे. थोड्या मिनिटांच्या दृश्यास दिवसचे दिवस लागत. आव्हेर्ती स्वभावानें तापट. मंचावर त्यांच्या आरोळ्या प्रसिद्ध होत्या, आणि बोलतांना त्यांची जीभ किंचित् अडखळून 'स'चा उच्चार भलताच होई, त्यामुळें त्यांच्या संतापाच्याही नकला होत. हाताखालच्या माणसांस त्यांनीं सुख दिलें असें कोणी म्हणणार नाहीं. ह्या बाबतींत त्यांचें अनुकरण करावें असें आम्ही सांगत नाहीं.

१९६३ च्या ऑक्टोबरांत त्यांचा 'ले रेझें व्हेर', म्हणजे 'कच्चीं द्राक्षें', हा कार्यक्रम सुरू झाला. आपल्याकडे कोल्ह्याला द्राक्षें आंबट ही म्हण मुलांच्या तोंडीं असते. ती इसापाच्या ज्या गोष्टींतून आली, तीच गोष्ट सतराव्या शतकांत ला फोंतेन ह्या कवीनें फ्रेंच पद्यांत सांगितली, आणि तेथें कोल्हा द्राक्षांना कच्चीं म्हणून हिणवितो. शिवाय पवित्र शास्त्रांत यिर्मया व यहेज्केल ह्या संदेष्ट्यांच्या ग्रंथांत एक जुनी म्हण आली आहे, तिचा आशय असा कीं बापांनीं आंबट द्राक्षें खाल्लीं आणि मुलांचे दांत आंबले. फ्रेंच वाचकास ह्या दोन्ही गोष्टी त्या नांवानें आठवत. एकंदरींत, चव गोड लागणार नाहीं, हें आव्हेर्ती ह्यांनीं दारावरच लिहून ठेविलें होतें.

कार्यक्रमांत गाणीं होतीं, नृत्यें होतीं, आणि त्यांच्या मधून मधून कांहीं सेकंदांचे लहान लहान विनोदी तुकडे. त्यांपैकीं एक फारच गाजला. एक मनुष्य सेल्युलॉइडचें एक तान्हें बाळ, म्हणजे दुकानांत मिळते तसली खेळण्यांतील बाहुली, हातानें फिरवावयाच्या चुरा करण्याच्या यंत्रांत घालतो आणि मूठ फिरवितो. बस्स, एवढेंच. परंतु शनिवारची सायंकाळ, एकच वाहिनी, घरांत आजी-आजोबांपासून नातवंडांपर्यंत सर्व मंडळी पडद्यापुढें बसलेली! देशांत एकच गदारोळ झाला. संतापलेल्या पत्रांचा पाऊस पडला, वर्तमानपत्रांतून वाद माजला, आणि सरकारी पैशानें असला अघोरी प्रकार दाखविणाऱ्यास हांकलून द्यावें अशी मागणी झाली. आव्हेर्ती ह्यांनीं माफी मागण्याऐवजीं तीच बाहुली आणि तेंच यंत्र पुनः पुनः दाखविलें. तें त्या कार्यक्रमाचें जणूं बोधचिन्हच होऊन बसलें.

ह्या वादांत कोणाची बाजू खरी? पालकांनीं आणि मुलांनीं ह्याचा विचार करावा म्हणून आम्ही येथें थोडें थांबतों. पत्रें लिहिणाऱ्यांस मूर्ख म्हणून मोकळें होणें सोपें आहे. परंतु ज्या घरांत नुकतेंच तान्हें मूल दगावलें असेल, त्या घरांतील मातेला तो तुकडा पाहून काय वाटलें असेल? पुस्तक नको असेल तर मिटतां येतें. नाटक नको असेल तर तिकीट काढूं नये. दूरचित्रवाणी न बोलावतां माजघरांत येते, आणि त्या वेळीं तर दुसऱ्या वाहिनीकडे वळण्याचीही सोय नव्हती. ही तक्रार खरी आहे, आणि तिला आव्हेर्ती ह्यांनीं कधीं नीट उत्तर दिलें असें आम्हांस वाटत नाहीं.

दुसरी बाजू अशी. फ्रान्स नुकताच, १९६२ सालीं, अल्जीरियांतील आठ वर्षांच्या युद्धांतून बाहेर पडला होता. त्या युद्धांत खरीं माणसें, खरीं मुलें मेलीं. आणि सरकारच्या ताब्यांतील दूरचित्रवाणीवर त्यांतलें किती थोडें दिसलें, हें आज इतिहासाच्या अभ्यासकांस माहीत आहे. त्या मौनाबद्दल ज्यांनीं चकार शब्द काढला नाहीं, त्यांतले कित्येक सेल्युलॉइडच्या बाहुलीसाठीं लेखणी घेऊन बसले असतील. आव्हेर्ती ह्यांच्या मनांत हा हिशेब होता असें आम्ही म्हणत नाहीं. ते राजकारणी नव्हते. पण शनिवारची करमणूक म्हणजे गुळचट हास्य, सर्वांना गोंजारणें आणि कोणासही न टोंचणें, ह्या समजुतीचा त्यांना खरोखर संताप येई. प्रेक्षकास गोंजारणारा त्याला लहान मूल समजतो. त्याला टोंचणारा निदान तो जागा आहे असें गृहीत धरतो. आमच्या मतें बाहुलीचा विनोद एकदां क्षम्य होता. पुनः पुनः दाखविण्यांत कलेपेक्षां हट्ट अधिक होता. तथापि एक गोष्ट विसरूं नये. पडद्यापुढें वेळ भरून काढण्यासाठीं गायलेल्या गाण्याबद्दल आजपर्यंत कोणीं रागाचें पत्र लिहिल्याचें आमच्या ऐकिवांत नाहीं.

पुढील काळांत, ह्याच वृत्तीस अनुसरून, त्यांच्या एका कार्यक्रमाचें नांव होतें 'तुम्हांला आवडण्याचा धोका पत्करून'. इतर लोक न आवडण्याचा धोका मानतात. ह्यांना आवडण्याची भीति!

१९६५ सालीं त्यांनीं आल्फ्रेद झारी ह्याचें 'राजा उब्यू' हें नाटक दूरचित्रवाणीवर आणलें. ह्या नाटकाची जन्मकथा शाळेच्या मासिकांत सांगण्याजोगीच आहे. रेन शहरच्या विद्यालयांत एबेर नांवाचे पदार्थविज्ञानाचे एक शिक्षक होते. शरीरानें स्थूल, आणि वर्गावर दरारा मुळींच नाहीं. मुलांनीं त्यांची टिंगल करण्यासाठीं एका ढेरपोट्या, भित्र्या, हावरट राजाचीं सोंगें रचिलीं आणि बाहुल्यांचा खेळ करून तीं दाखविलीं. झारी त्या शाळेंत आला, त्यानें ती टवाळी जपून ठेविली, आणि तिचेंच पुढें नाटक झालें. १० डिसेंबर १८९६ रोजीं पॅरिसमध्यें त्याचा प्रयोग झाला तेव्हां पहिल्याच शब्दाला, तो शब्द येथें छापण्याजोगा नाहीं, प्रेक्षागृहांत दंगल उसळली. पोलंडच्या राजाचा खून करून गादी बळकावणारा हा उब्यू पुढील शतकांतील हुकूमशहांचें जणूं आधींच काढलेलें व्यंगचित्र ठरला. बिचाऱ्या एबेर मास्तरांचें नांव मात्र ह्या उचापतीनें अमर झालें. आमच्या शिक्षकबंधूंनीं ह्यावरून काय तो बोध घ्यावा.

आव्हेर्ती ह्यांच्या विजेच्या कात्रीला हें नाटक जणूं मोजून मापून बेतल्यासारखें होतें. झाँ बुईझ ह्यांनीं उब्यूचें आणि रोझी व्हार्त ह्यांनीं त्याच्या बायकोचें काम केलें. खऱ्या राजवाड्याचा आभास करण्याचा प्रयत्नच नाहीं. कोऱ्या पानावर रेघांनीं काढलेलीं दृश्यें, आणि त्यांत हिंडणारीं सोंगट्यांसारखीं माणसें. शाळकरी मुलांनीं वहीच्या समासांत काढलेलें मास्तरांचें चित्र उठून चालूं लागावें, तसा तो प्रकार दिसे. ह्याही वेळीं प्रेक्षकांत तट पडले. पुढें १९६९ त शेक्सपियरचें 'मिडसमर नाइट्स ड्रीम', १९७० त 'ॲलिस इन वंडरलँड', १९७३ त कॉक्तो ह्यांचें 'आयफेल टॉवरवरील नवरानवरी' आणि १९७७ त रेमों रूसेल ह्यांची 'आफ्रिकेचे ठसे' ही विचित्र कादंबरी, हीं सर्व त्यांनीं त्याच पद्धतीनें पडद्यावर आणलीं. ॲलिस एकदां वाढते, एकदां आखडते. परी फुलाच्या पाकळींत निजते. खऱ्या रंगमंचावर ह्या गोष्टी लटक्या वाटतात, परंतु जेथें सारेंच कागद आहे तेथें त्या सहज घडूं शकतात. मधून मधून गायकांचे कार्यक्रम चालूच होते. ईव्ह मोंतां, सेर्झ गेन्सबूर अशा नामांकित गायकांना घेऊन त्यांनीं काम केलें, आणि तीं गाणीं मांडतांनाही मेहनत तीच.

पण मनुष्य एकाच सुराचा नसतो. १९६० सालीं दक्षिण फ्रान्सच्या समुद्रकिनारीं आंतीब येथील झुआँ-ले-पँ ह्या गांवीं जाझ संगीताचा उन्हाळी महोत्सव सुरू झाला, आणि आव्हेर्ती तेथें वर्षानुवर्षें कॅमेरे घेऊन जात राहिले. २६ जुलै १९६५ रोजीं जॉन कोल्ट्रेन ह्या थोर वादकानें आपली 'अ लव्ह सुप्रीम' ही ईश्वरस्तुतिपर रचना तेथें वाजविली. तिचें चित्रण आव्हेर्ती ह्यांचें आहे. पुढल्या वर्षीं ड्यूक एलिंग्टन आणि एला फिट्झजेराल्ड तेथें आलीं. ह्या चित्रणांत विजेच्या कात्रीला काम नाहीं. वादकाचा घामानें भिजलेला चेहरा, चाव्यांवरून पळणारीं बोटें, मिटलेले डोळे. जो दिग्दर्शक एका सेकंदासही नटाला त्याच्या जागेवर सुखानें राहूं देत नसे, तो येथें शांतपणें पाहत बसतो. कोठें हात चालवावा आणि कोठें आवरावा हें ज्याला कळतें त्याच्याच हातांत कात्री द्यावी, असें हीं चित्रणें पाहून मनांत येतें.

१९७४ च्या कायद्यानें सरकारचें एकसंध खातें मोडलें, आणि १९७५ च्या आरंभापासून त्याच्या जागीं अनेक संस्था झाल्या. वाहिन्यांमध्यें आपसांत चढाओढ लागली. शनिवारच्या रात्रींचें राज्य आतां मारिती आणि झिल्बेर कार्पाँतिए ह्या पतिपत्नींच्या 'न्यूमेरो अँ', म्हणजे 'पहिला क्रमांक', ह्या कार्यक्रमाकडे गेलें. १९७५ पासून १९८२ पर्यंत चाललेल्या ह्या कार्यक्रमांत दर वेळीं एक प्रख्यात कलावंत यजमान असे आणि त्याचे स्नेही पाहुणे. कार्पाँतिए दांपत्याचें काम नीटनेटकें आणि गोड होतें. त्याला नांवें ठेवण्याचें कारण नाहीं. मात्र तेथें पाहावयाचा तो तारा. त्याच्या भोंवतींचें पान कोणीं आखलें हें कोणी विचारीत नसे. आव्हेर्ती ह्यांच्या संथ आणि खर्चिक पद्धतीला ह्या नव्या बाजारांत जागा उत्तरोत्तर कमी होत गेली. ते काम करीत राहिले, भांडत राहिले.

आणि ह्याच सुमारास त्यांनीं जें केलें, तें आम्हांस त्यांच्या साऱ्या करामतींहून अधिक हृद्य वाटतें. १९७८ सालीं त्यांनीं नभोवाणीवर एक कार्यक्रम सुरू केला. नांव 'म्युझिक-हॉलचे वेडे'. पडदा नाहीं, रेघा नाहींत, निळी भिंत नाहीं. एक मनुष्य, एक ध्वनिक्षेपक, आणि आयुष्यभर जमविलेल्या जुन्या तबकड्यांचा ढीग. विसाव्या शतकाच्या आरंभीं पॅरिसच्या करमणूकगृहांतून ज्यांनीं लोकांना हंसविलें, रडविलें, त्या मेयॉल, ड्रानेम, मिस्टेंगेट, शेवालिए ह्यांच्यासारख्या प्रसिद्धांच्या, आणि ज्यांचीं नांवेंही कोणाच्या स्मरणांत उरलीं नव्हतीं अशा कितीतरी गायक-गायिकांच्या, मुद्रिका ते वाजवीत. गाणें कोणत्या वर्षीं, कोणत्या कंपनीनें, कोणत्या साथीवर मुद्रित केलें, हें सर्व एखाद्या पुराणवस्तुसंशोधकाच्या काटेकोरपणानें आणि आपल्या त्या अडखळत्या जिभेनें सांगत. आणि श्रोत्यांना टेपा लावून ठेवण्याची हांक देत, कारण हें पुनः कोठें ऐकावयास मिळणार नाहीं. ज्या माणसानें प्रेक्षकांस कधीं गोंजारलें नाहीं, तो केवळ गोंजारण्यासाठींच जगलेल्या ह्या मृत गायकांची इतक्या ममतेनें सेवा करीत होता. हा कार्यक्रम २००६ पर्यंत, म्हणजे अठ्ठावीस वर्षें, चालला.

त्या तबकड्यांसंबंधीं एक गोष्ट आपल्या वाचकांनीं जाणून घ्यावी. मिनिटास अठ्ठ्याहत्तर फेरे घेणारी ती जुनी मुद्रिका म्हणजे दगडाची बारीक भुकटी आणि ती धरून ठेवणारी लाख ह्यांचा थापलेला गोळा होय. ती लाख बहुतांशीं हिंदुस्थानांतून जात असे. पळस, बोर, कुसुम ह्या झाडांच्या फांद्यांवर एक क्षुद्र किडा ती तयार करतो. रानांत राहणारे गरीब लोक फांद्या तोडून ती खरवडीत, धूत, वितळवीत, आणि तिचे पातळ पापुद्रे पेट्यांत भरून समुद्रापार पाठवीत. दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटांचें गाणें मावे, आणि हातांतून निसटली कीं तिचे तुकडे होत.

आव्हेर्ती ४ मार्च २०१७ रोजीं वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षीं वारले. त्यांच्या दूरचित्रवाणीवरील कामापैकीं पुष्कळसें फ्रान्सच्या राष्ट्रीय ध्वनिचित्रसंग्रहांत आहे, आणि तें पाहतां येतें. बाहुली आणि तें यंत्रही त्यांत आहे. नभोवाणीवरील त्यांच्या कार्यक्रमांत गाणें संपल्यावर कधीं कधीं सुई शेवटच्या खांचेंत फिरत राही, आणि लाखेची ती खरखर क्षणभर ऐकूं येई. मग ते पुढच्या गायकाचें नांव सांगत.